भुवईनं दिलेलं उत्तर चालत नाही

लुसेआनेबाईंच्या वर्गात शिरताना चपला बाहेर काढाव्या लागत, आणि भीडही तिथंच ठेवावी लागे. चपलांचं काही नाही, आम्ही टोंगी माणसं कुणाच्याही घरात शिरताना त्या काढतोच. भीड सोडणं मात्र जड जातं. आणि बाईंना तर ती नुसती दिसली तरी चालत नसे.

"पेशंट खोटं बोलतो, हे धरूनच चाला," असं त्या पहिल्याच दिवशी बजावत. "ऑस्ट्रेलियातला म्हातारा 'काही नाही, ठीक आहे' म्हणाला की समजा, ठीक नाही. तीच गोष्ट तीन तऱ्हांनी विचारा. आणि बोलायला लागला की मध्ये तोंड घालू नका. गप्प बसा. गप्प बसण्याचेही मार्क असतात तिथं."

नुकुअलोफात, आमच्या राजधानीत, चर्चच्या मागं रविवारच्या शाळेची एक लांबट खोली आहे. तिथं मंगळवारी आणि गुरुवारी, दिवसाची पाळी संपवून इस्पितळातल्या नर्सा येत, डॉक्टरकी शिकणारी एखाद-दोन मुलं येत. ऑस्ट्रेलियात नोकरी हवी असेल तर दवाखान्यात लागणाऱ्या इंग्रजीची परीक्षा द्यावी लागते. समोर एक अनोळखी माणूस पेशंट होऊन बसतो, आणि तुम्ही त्याला इंग्रजीत विचारायचं, समजवायचं, धीर द्यायचा. आमच्या पोरींना इंग्रजी येत नाही असं नाही. पण 'हो' म्हणायचं झालं की आम्ही भुवया वर करतो. झालं, उत्तर दिलं. बाईंचा त्यावर फार राग.

"फोनवर भुवई दिसते का?" त्या टेबलावर डस्टर आपटत. "तिकडून डॉक्टर विचारतोय, पेशंटला ताप आहे का, आणि तू इथं भुवया उडवत बसलीयेस. तोवर पेशंट गेला वर. तोंडानं सांग. भुवईनं दिलेलं उत्तर चालत नाही."

बाई मूळच्या शिक्षिका नव्हेत. उमेदीची सगळी वर्षं त्यांनी रेडिओवर निधनवार्ता वाचल्या. आमच्याकडे माणूस गेला की रेडिओवर सांगतात, आणि नुसतं नाव सांगत नाहीत. कुणाचा मुलगा, कुणाचा जावई, कुठल्या बेटावर कुणाला किती जवळचा, सगळी यादी येते. बाई ती आधी टोंगीत वाचत आणि मग इंग्रजीत. त्यामुळं अख्ख्या देशाची नाती त्यांना तोंडपाठ. बाजारात कुणी ओळख करून द्यायला लागलं की बाई मध्येच म्हणायच्या, "माहीत आहे, तुझी आजी कोलोवाईची. पाय सुजून गेली." आपल्याला कुणी फसवू शकत नाही असं त्यांना वाटायचं ते यामुळंच.

आणि तरी एकदा त्या फसल्या होत्या. त्यांच्या हाताखालच्या एका नर्सनं फोनवरच्या मुलाखतीला आपल्या जागी चुलत बहिणीला बसवलं. गोरी माणसं भाबडी, पत्ता लागला नाही. पोरगी ब्रिस्बेनला पोचली आणि पहिल्याच दिवशी उघडी पडली. तेव्हापासून नर्सा नेणारी तिथली मंडळी म्हणू लागली की परीक्षेला बसणाऱ्या प्रत्येकाची हमी बाईंनी द्यायची. बाईंची सही नसेल तर नाव घेणार नाही. तेव्हापासून बाईंनी माणसावर विश्वास टाकणंच सोडून दिलं. कुणी चांगलं बोललं तर 'हिनं पाठ करून आणलंय', वाईट बोललं तर 'मुद्दाम करतेय'. नवरा हयात होता तोवर म्हणायचा, "ही माझ्या घोरण्यावरही शंका घेते."

आता आमच्यातली एक रीत सांगायला हवी, कारण सगळं तिच्यावरच आलं. आमच्याकडे भाऊ आणि बहीण वयात आले की एकमेकांशी थेट बोलत नाहीत. ती खोलीत आली की तो उठून जातो. सख्खे असोत, चुलत, मामे, आते, मावस, सगळ्यांना तेच. हा राग नव्हे, मान आहे. बहिणीचा मान मोठा. तिच्या देखत अंगाच्या गोष्टी, लघवी-जुलाब, बाळंतपण हे विषय भावाच्या कानावरसुद्धा पडायचे नाहीत. चार माणसं कावा, म्हणजे आमचं गुंगी आणणारं मुळीचं पेय, प्यायला बसली आणि कुणी चावट बोलायला लागला, की दुसरा हळूच सांगतो, 'जरा जपून, इथं बहीण-भाऊ बसलेत.' लगेच विषय बदलतो.

आणि दवाखान्याच्या इंग्रजीत दुसरं असतं काय? लघवी, जुलाब आणि बाळंतपण.

म्हणून प्रत्येक नव्या वर्गात बाई पहिल्याच दिवशी विचारत. त्या वर्षीही विचारलं. "कुणी कुणाचे भाऊ-बहीण असाल तर आत्ताच सांगा. बहीण बसेल, भाऊ उठेल. त्यानं पुढच्या वर्षी यावं."

कुणी बोललं नाही. बाईंनी एकेकाच्या चेहऱ्यावरून नजर फिरवली. खिडकीपाशी पिसिला बसली होती, बाळंतिणींच्या वॉर्डातली नर्स. अंगानं बारीक, कामाला वाघीण. ब्रिस्बेनजवळच्या एका इस्पितळानं तिला जागा देऊ केली होती, फक्त यंदाची परीक्षा निघायला हवी होती. यंदा नाही तर ती जागा दुसऱ्या कुणाला जाणार होती. अगदी मागच्या बाकावर, दाराला लागून, सातेकी. तिकडं फिजीत, सुव्याला डॉक्टरकी शिकणारा, या सत्रात आपल्या इस्पितळात कामाला आलेला. त्यालाही पुढं ऑस्ट्रेलियात जायचं होतं. हा हापाई बेटांवरचा, ती इथली. आडनावं वेगळी, चर्च वेगळं. बाईंनी मनातल्या मनात दोन्ही घरांच्या निधनवार्ता चाळल्या, कुठं धागा जुळेना. ठीक आहे, म्हणाल्या.

दुसऱ्या आठवड्यात चिठ्ठ्या टाकून जोड्या लावल्या. पिसिला पेशंट, सातेकी डॉक्टर. विषय: बाळंतपणानंतरची लघवीची तक्रार.

सातेकी उठला, कपाळाला हात लावला आणि म्हणाला, "बाई, डोकं फार दुखतंय." आणि बाईंनी हो-नाही म्हणायच्या आत बाहेर पडलासुद्धा.

"डॉक्टरसाहेबच आजारी," फाने म्हणाली. फाने म्हणजे अपघात विभागातली नर्स, वर्गाचा भोंगा. "आता पेशंटनं काय करावं, बाई? घरी जाऊन नारळपाणी प्यावं?"

सगळे हसले. पिसिला हसली नाही. ती खिडकीबाहेर बघत होती, आणि तिथं बघण्यासारखं एक डुक्कर सोडून काही नव्हतं. बाईंनी ते टिपून ठेवलं.

पुढच्या खेपेला बाईंनी चिठ्ठ्या टाकल्याच नाहीत. सरळ त्याच दोघांची जोडी लावली. या वेळी पिसिला उठली. "बाई, मला आज वॉर्डात लवकर बोलावलंय," म्हणाली आणि गेली. बाईंनी तिथूनच वॉर्डात फोन लावला. तिकडची सिस्टर म्हणाली, "पिसिला? तिची तर आज सुट्टी आहे."

"अस्सं," बाई म्हणाल्या.

कुठंतरी पाणी मुरतंय हे आता नक्की होतं. पण काय? बाईंचं डोकं घरी तांदूळ निवडतानाही तेवढंच चालू. आधी वाटलं, पोरीला बोलता येत नाही आणि झाकतेय. पण दुसऱ्या कुणासमोर बसवलं की पिसिला सुरेख बोले. फानेनं भांडखोर म्हाताऱ्याचं सोंग घेतलं तेव्हा पिसिलानं तिला असं गोड बोलून औषध घ्यायला लावलं, की फाने म्हणाली, "घेते बाई घेते, आता कडूही लागेना." सातेकीही बोलायला स्वच्छ. मग दोघं एकमेकांसमोर आली की जीभ टाळ्याला का चिकटते? ती उजवीकडं बसली की हा डावीकडं. ती दारात आली की हा व्हरांड्यातून गायब. बाईंच्या मनात एकदा आलंसुद्धा, हे तर भावाबहिणीसारखं झालं. पण लगेच त्यांनीच ते झटकलं. विचारलं होतं ना? आणि नातं असतं तर मला ठाऊक नसतं? या देशात असं कुठलं घर आहे ज्याचा मुडदा मी वाचलेला नाही?

मग एका गुरुवारी बाईंनी ते बघितलं.

वर्ग सुरू होता. फाने फळ्यापाशी उभी राहून फोनवरून पेशंटची माहिती कशी द्यायची ते करून दाखवत होती. सातेकी उशिरा आला. बाई खिडकीच्या काचपट्ट्यांतून बाहेर बघत होत्या. त्यानं पायऱ्यांवर काढलेल्या चपलांच्या रांगेवरून नजर फिरवली, निळ्या पट्ट्याची चप्पल हुडकली, पिसिलाची, आणि तिच्याशेजारी पानात गुंडाळलेलं एक पुडकं अलगद ठेवलं. मग इकडंतिकडं बघितलं आणि आत येऊन दाराशी बसला. सुटल्यावर पिसिलानं ते पुडकं उचललं, पिशवीत टाकलं. कोण ठेवून गेलं म्हणून मान वर करूनही बघितलं नाही. पुढच्या मंगळवारी पुन्हा तेच. अळूच्या पानातलं मटण असावं, नारळाच्या दुधाचा वास बाईंच्या नाकापर्यंत आला.

आता कुणी सांगायची गरज उरली नव्हती. चोरून खाऊ, चोरून भेटी, चारचौघांत मात्र ओळख नसल्यासारखं. बाईंना आतून संताप आला. मी हमी द्यायची, आणि ही दोघं माझ्या वर्गाचा आडोसा करून प्रेमाचे चाळे करणार. उद्या तिथं जाऊन काहीतरी भानगड झाली की पुन्हा माझंच नाव. नावं कळवायची मुदत शुक्रवारची होती. बाकी सगळ्यांपुढं बाईंनी सही केली. या दोघांपुढची जागा कोरी ठेवली.

गुरुवारी सगळे बसले आणि बाईंनी दार लावून घेतलं.

"पिसिला, सातेकी, उभे राहा."

दोघं उभी राहिली. एक खिडकीपाशी, एक दाराशी, माना खाली.

"मला आंधळी समजता काय रे? डोकं दुखतं, वॉर्डात बोलावलंय. आणि चपलेशेजारची पुडकी? बाहेर जी काय थेरं करायची ती करा. लग्न करा नाहीतर पळून जा. पण माझ्या वर्गात येऊन साळसूदपणाचं सोंग आणू नका. प्रेम करायला लाज वाटली नाही, मग समोरासमोर बसून बोलायला कसली लाज वाटते?"

पिसिलाचा चेहरा आधी कोरा झाला, मग तिच्या गळ्याखालून लाली चढत गेली. तिनं पिशवी उचलली आणि भिंतीला लागून लागून, जणू जमिनीवर काहीतरी सांडलंय आणि ते टाळायचंय, अशी दाराबाहेर गेली. पायऱ्यांवर चपलाही घातल्या नाहीत. अनवाणीच गेली.

ती फाटकाबाहेर जाईपर्यंत सातेकी उभाच होता. मग तो खाली जमिनीवर मांडी घालून बसला, मोठ्या माणसांपुढं बसतात तसा.

"बाई, पिसिला माझी बहीण आहे," तो जमिनीकडं बघत म्हणाला. "सख्खी. आमच्या आत्याला मूल नव्हतं. मी तान्हा असताना तिनं मला मागून घेतलं, हापाईला नेलं. आत्याला नाही कोण म्हणणार? तिच्याच घरचं नाव लावतो मी. आजी-आजोबा तुम्ही रेडिओवर यायच्या आधीच गेले, म्हणून आमचं नातं तुमच्या यादीत आलं नाही."

फानेनं तोंडावर हात दाबून धरला होता. मागून कुणीतरी हुंदका दिला. आमच्यात भावाबहिणीला जे चुकूनही म्हणू नये, थट्टेत नाही, दारूच्या नशेत नाही, ते बाईंनी भर वर्गात म्हटलं होतं.

"मग पहिल्या दिवशी बोलला का नाहीस?" बाईंचा आवाज त्यांनाच ओळखू येईना.

"मी उठणारच होतो. पण मी उठलो असतो तर कारण सांगावं लागलं असतं. मग 'माझ्यासाठी भावाचं वर्ष वाया गेलं' म्हणून तीही बसली नसती. तिचा स्वभाव मला माहीत आहे. आत्या सांगते." तो उठला. "आता मी येत नाही, बाई. माझं नाव नका पाठवू. तिचं पाठवा."

बाई घरी गेल्या आणि स्वयंपाकघराच्या मागच्या पायरीवर बसल्या. चूल पेटवली नाही. पायरीच्या कडेला सिमेंट झिजून एक खोलगट जागा झालेली आहे. तिथं त्यांचा भाऊ हेनेली दर हंगामाची पहिली कोनफळं आणून ठेवायचा. सगळ्यात मोठी, माती पुसलेली, माडाच्या झावळीच्या टोपलीत. बाई सकाळी दार उघडायच्या तेव्हा टोपली असायची, हेनेली नसायचा. मोठं झाल्यापासून दोघं समोरासमोर बसून कधी बोलली नाहीत. तो गेला तेव्हा निधनवार्तेचा कागद बाईंच्याच टेबलावर आला. रेडिओतले साहेब म्हणाले, दुसरं कुणी वाचेल. बाई म्हणाल्या, माझं काम आहे. आधी टोंगीत वाचलं, मग इंग्रजीत. आवाज हलला नाही. मग त्याच्या खालची दुसरी वार्ता वाचली.

इतकी वर्षं ज्यांच्या पायरीवर टोपली यायची, त्याच बाईंनी दुसऱ्या एका पायरीवरचं पुडकं बघितलं आणि त्यांना त्यात पाप दिसलं. बाई स्वतःवरच इतक्या चिडल्या की त्यांनी पायरीवर मूठ आपटली. मूठ सुजली.

शुक्रवारी सकाळी त्यांनी पहिलं काम केलं ते दोन्ही नावांपुढं सही करून ती ब्रिस्बेनला कळवण्याचं. मग ट्रंकेतून चटई काढली. कमरेला चटई तर आम्ही रोजच गुंडाळतो, कामाला जाताना नीटनेटकी, बारीक विणीची. ही मात्र मोठी, विरलेली, कडा फाटलेली, मोठ्यांच्या मयताला धाकट्यांनी, आपण खालचे हे दाखवायला नेसायची. ती नेसून, हातात पिसिलाच्या निळ्या पट्ट्याच्या चपला घेऊन, अख्ख्या वस्तीच्या देखत बाई पिसिलाच्या घरी चालत गेल्या. त्या घरात शिरल्या नाहीत. अंगणात, उन्हात, मातीवर बसल्या आणि मान खाली घातली.

पिसिलाच्या आईनं खिडकीतून बघितलं आणि आत गेली. पाणीसुद्धा विचारलं नाही. बाईंच्या मनात आलं, बरोबर आहे. मग आलं, मुद्दाम ताटकळत ठेवतायत. मग आलं, पोरगी घरातच नसेल, मला वेड्यात काढतायत. सवय जाते कुठं? एक डुक्कर येऊन चटईची कड हुंगून गेलं. शेजारच्या बायका कुंपणाला टेकून बघत होत्या. बाईंनी मान वर केली नाही. ऊन मानेवरून पाठीवर उतरलं.

मग समोर दोन अनवाणी पावलं येऊन थांबली. पिसिला बाईंच्या समोर मातीवरच बसली, वर्गात बसवत तशी, गुडघ्याला गुडघा भिडेल न भिडेल इतक्या अंतरावर.

"नमस्कार," ती इंग्रजीत म्हणाली, वर्गातल्या इंग्रजीत, सावकाश. "आज इकडं कशामुळं येणं झालं?"

ही टिंगल करतेय, बाईंना वाटलं. त्यांनी चटकन वर बघितलं. पिसिलाचे डोळे सुजलेले होते आणि त्यात टिंगल नव्हती. परीक्षेत विचारतात तसं तिनं विचारलं होतं, आणि ती उत्तराची वाट बघत होती.

"दोघांची नावं कळवली," बाई म्हणाल्या. "मंगळवारी तू येशील. गुरुवारी तो येईल. चिठ्ठ्या बंद."

"तो येणार नाही म्हणतोय. आत्याकडून निरोप आलाय."

"मी जाते त्याच्याकडं. तिथंही अशीच बसते."

पिसिलानं मातीत बोटानं एक रेघ ओढली. "मंगळवार-गुरुवारचं हे पहिल्याच दिवशी म्हणाला असतात तर आम्ही सांगितलं असतं, बाई. तुम्ही म्हणालात, भाऊ उठेल. मग कोण खरं बोलणार?"

आयुष्यभर बाई लोकांना खोटं बोलताना पकडत आल्या होत्या. हे खोटं त्यांच्याच प्रश्नातून निघालं होतं, आणि ते एक बहीण भावासाठी आणि एक भाऊ बहिणीसाठी बोलला होता.

पिसिलानं बाईंच्या हातातल्या चपला काढून घेतल्या आणि बाजूला ठेवल्या. तेव्हा तिला ती सुजलेली मूठ दिसली. तिनं ती उलटीसुलटी करून बघितली, नर्स बघते तशी.

"दुखतंय का?"

बाईंनी भुवया वर केल्या. त्याहून जास्त त्यांच्याच्यानं होईना.

"फोनवर भुवई दिसत नाही, बाई," पिसिला हळूच म्हणाली. "तोंडानं सांगा."

"हो," बाई म्हणाल्या. मग तीच गोष्ट इंग्रजीत म्हणाल्या. मग पुन्हा टोंगीत, "माझा एक भाऊ होता. हेनेली. तो मागच्या पायरीवर कोनफळं ठेवून जायचा," आणि एवढ्यावर त्यांचा तो रेडिओवरचा आवाज फुटला.

पिसिलानं हात सोडला नाही आणि पुढचा प्रश्नही विचारला नाही. पेशंट बोलायला लागला की गप्प बसायचं, हे बाईंनीच शिकवलं होतं.